लॉर्ड सँडहर्स्ट: प्लेगच्या वेळचा गव्हर्नर आणि लंडनच्या राजवाड्यातला काठीचा मानकरी, हा एकच माणूस का?

प्रश्न: रंगपेटी (नाशिक)

नमस्कार मंडळी. मी नाशकात एका हौशी नाट्यसंस्थेत वेशभूषा आणि रंगमंचावरचं सामान बघते. यंदा आमची एकांकिका प्लेगवर आहे. लेखक आणि दिग्दर्शक एकच, तरुण मुलगा आहे, हुशार आहे, पण घाईत लिहितो. तालमी सुरू झाल्या, संहिता सेन्सॉरला पाठवायची आहे आणि माझे कपडे अजून कागदावरच आहेत, म्हणून इथे विचारते.

संहितेत लॉर्ड सँडहर्स्ट नावाचं पात्र आहे. पहिल्या प्रवेशात तो मुंबई इलाख्याचा गव्हर्नर, साल १८९७. शेवटच्या प्रवेशात तोच नट लंडनच्या राजवाड्यात हातात पांढरी काठी घेऊन उभा, नाटकांना परवानगी देणारा अधिकारी. मी दिग्दर्शकाला विचारलं, अरे ही दोन पात्रं आहेत का एक? तो म्हणाला, ताई, एकच, इंटरनेटवर आहे. पण मला खात्री वाटेना. प्लेगमध्ये घराघरातून माणसं बाहेर काढणाऱ्या सरकारचा प्रमुख पुढे जाऊन नाटकं वाचत बसेल? बाप-लेक असतील, नाहीतर नुसतं नाव सारखं असेल, असं वाटतं.

त्यात आणखी दोन गोष्टी आहेत. मधल्या प्रवेशात, २१ डिसेंबर १९०९ ला विजयानंद थिएटरात 'शारदा'च्या प्रयोगाला कलेक्टर जॅक्सनशेजारी हा सँडहर्स्टही बसलेला दाखवलाय. आणि शेवटी तो ती पांढरी काठी गुडघ्यावर कडकन मोडतो आणि अंधार होतो. दिग्दर्शकाला तो शेवट फार आवडलाय. मला दर प्रयोगाला एक काठी लागेल, त्याचं काही नाही, पण हे खरं आहे का?

आता हे सगळं मी एवढ्या जिवाला का लावून घेतलंय तेही सांगते.

आम्ही मूळचे शिंपी. माझे पणजोबा जुन्या नाशकात कपडे शिवायचे. १८९९ च्या प्लेगमध्ये ते गेले. काखेत गाठ आली आणि तिसऱ्या दिवशी सगळं संपलं. माझे आजोबा तेव्हा सव्वा वर्षाचे होते. पणजी त्यांना कडेवर घेऊन गावाबाहेर मळ्यात झोपडी बांधून राहिली. घरातलं सगळं कापड जाळलं. आमचंच नाही, गिऱ्हाइकांचं बेतून ठेवलेलंही जाळलं. लग्नसराईचं कापड होतं म्हणतात. पुढे कितीतरी वर्षं पणजीनं लोकांची धुणीभांडी करून त्या कापडाचे पैसे फेडले. त्या घरातली एकच वस्तू आज माझ्याकडे आहे, पणजोबांची कात्री. लोखंड जळत नाही म्हणून राहिली. चांगली वीतभर पात्याची आहे, काळी पडलेली, हातात घेतली की मनगट खाली जातं एवढी जड. अंगठ्याच्या कडीला आतून चिंधी गुंडाळलेली असते. ती चिंधी दर पिढीनं बदलली, कात्री तीच. मी अजून जाड कापड तिनंच बेतते.

आणि आता मला त्या वेळच्या गव्हर्नराचा कोट बेतायचाय. कापड आणून आठ दिवस झाले. घडीही मोडलेली नाही.

मला या माणसाची खरी माहिती हवी आहे. कोण होता, कुठून आला, आईबाप कोण, पुढे काय झालं. राक्षसाचा पोशाख शिवायचा असता तर मी डोळे मिटून शिवला असता. माणसाचा शिवायचा तर माणूस माहीत पाहिजे. ज्यांना नक्की माहिती असेल त्यांनीच लिहा, ही विनंती.

उत्तर: गोदाकाठचा वाचक (नाशिक)

ताई, तुमच्या दिग्दर्शकाची मोठी गोष्ट बरोबर आहे आणि लहान गोष्टी चुकल्या आहेत. माणूस एकच. मी निवृत्त शिक्षक आहे, दुपारी सार्वजनिक वाचनालयात बसतो, हा काळ माझ्या आवडीचा आहे. जरा सविस्तर लिहितो.

विल्यम मॅन्सफिल्ड, दुसरा बॅरन सँडहर्स्ट. जन्म २१ ऑगस्ट १८५५. म्हणजे गव्हर्नर होऊन मुंबईत उतरला तेव्हा, फेब्रुवारी १८९५ मध्ये, तो चाळिशीचाही नव्हता. रँडवर गोळी झाडली गेली तेव्हा एक्केचाळीस वर्षांचा होता. हे तुम्हाला रंगभूषेला उपयोगी पडेल, कारण आपल्या नाटकांत गव्हर्नर म्हटला की पांढरे कल्ले लावायची सवय आहे. इथे काळे केस ठेवा. शेवटच्या प्रवेशात पिकवा, कारण राजवाड्यात तो १९१२ मध्ये गेला, वयाच्या सत्तावन्नाच्या उंबरठ्यावर.

बापाचं नावही विल्यमच. तो जनरल. १८५७ च्या लढाईत सरसेनापती कॉलिन कॅम्पबेलचा चीफ ऑफ स्टाफ होता. नंतर मुंबईच्या फौजेचा सेनापती झाला आणि १८६५ ते १८७० सगळ्या हिंदुस्थानचा सरसेनापती. १८७१ मध्ये त्याला सँडहर्स्ट हा किताब मिळाला. १८७६ मध्ये बाप वारला आणि विशीतल्या मुलाकडे किताब आणि लॉर्डांच्या सभागृहातली जागा एकदमच आली. तोवर तो कोल्डस्ट्रीम गार्ड्समध्ये होता. बापानं हिंदुस्थानात तलवारीवर नाव केलं, त्याच घरचा मुलगा इथे कारभार करायला आला. त्या वर्गात ही रीतच होती.

पण आईबद्दल वाचून मी स्वतः थांबलो होतो. लेडी मार्गारेट सँडहर्स्ट. बायकांना मताचा हक्क मिळावा म्हणून झटणारी बाई. १८८९ मध्ये लंडनची पहिली काउंटी काउन्सिल निवडली गेली, तिच्यात ही ब्रिक्स्टनमधून उभी राहिली आणि निवडून आली. हरलेला उमेदवार बेरेसफर्ड-होप कोर्टात गेला. कोर्टानं सांगितलं, बाईला या सभेत बसता येणार नाही, आणि जागा त्या हरलेल्या पुरुषाला दिली. १८९२ मध्ये ती वारली, म्हणजे मुलगा गव्हर्नर झालेला तिनं पाहिला नाही. ज्या मुलाच्या आईला कायद्यानं दारातून परत पाठवलं, त्याच्या कारकिर्दीत परक्या बायकांच्या स्वयंपाकघरापर्यंत सोजीर शिरले. दिग्दर्शकाला हे सांगा. काठी मोडण्यापेक्षा इथे जास्त नाट्य आहे.

लग्न १८८१ मध्ये, चौथ्या अर्ल स्पेन्सरची मुलगी लेडी व्हिक्टोरिया अलेक्झांड्रिना हिच्याशी. राणीचं पाळण्यातलं नाव अलेक्झांड्रिना व्हिक्टोरिया, हिचं तेच उलटं. दरबाराशी या घराण्याचं नातं किती जवळचं ते नावातच दिसतं. हा पक्षानं लिबरल, ग्लॅडस्टनच्या बाजूचा. १८८० पासून १८८५ पर्यंत 'लॉर्ड इन वेटिंग' होता. हे पद समजून घ्यायला हवं. राणीच्या तैनातीतला मानकरी, पण नेमणूक पक्षाची. सरकार पडलं की हा मानही जातो. एकाच वेळी दरबारी आणि राजकारणी. पुढे दोनदा, १८८६ मध्ये आणि मग १८९२ ते १८९५, युद्धखात्याचा उपमंत्री. तिथून थेट मुंबईचा गव्हर्नर. मुंबई आणि मद्रास या इलाख्यांचे गव्हर्नर साधारण या उमराव वर्गातून यायचे. जिल्ह्यात घाम गाळून वर चढलेले सनदी अधिकारी हाताखाली आणि वर लंडनहून आलेला लॉर्ड, अशी ती उतरंड.

आता प्लेग. सप्टेंबर १८९६ मध्ये मुंबईत मांडवीला डॉ. व्हिएगस यांनी पहिला रोगी ओळखला. ४ फेब्रुवारी १८९७ ला कलकत्त्याला साथीच्या रोगांचा कायदा झाला. कायदा व्हाइसरॉयचा, पण अंमल इलाख्याच्या सरकारचा. पुण्याला प्लेग कमिटी नेमली, अध्यक्ष वॉल्टर चार्ल्स रँड. मार्च ते मे गोऱ्या सोजिरांकडून घरझडत्या. देवघरात बूट घालून शिरणं, बायकांची तपासणी, सामान रस्त्यावर. २२ जून १८९७ ला गणेशखिंडीच्या सरकारी बंगल्यावर राणीच्या राज्यारोहणाचा हीरक महोत्सव होता. तो बंगला म्हणजे पावसाळ्यातलं गव्हर्नराचं घर, आज तिथे पुणे विद्यापीठ आहे. मेजवानीहून परतताना रँड आणि लेफ्टनंट आयर्स्ट यांच्यावर चाफेकर बंधूंनी गोळ्या झाडल्या. आयर्स्ट जागीच गेला, रँड ३ जुलैला.

लगेच टिळकांनी केसरीत विचारलं, 'सरकारचे डोके ठिकाणावर आहे काय?' हे वाक्य आपण शाळेपासून म्हणतो, पण ते सरकार कुणाचं होतं हे कुणी विचारत नाही. सँडहर्स्टचं. त्याच सरकारनं टिळकांना जुलैअखेर पकडलं आणि राजद्रोहाचा खटला भरला. दीड वर्षाची शिक्षा झाली. नातू बंधूंना तर खटला न चालवता अडकवून ठेवलं. गोखल्यांनी विलायतेत सोजिरांच्या वर्तनाबद्दल जे सांगितलं होतं, त्याचा पुरावा देता येईना, म्हणून परत आल्यावर त्यांना माफी मागावी लागली. ज्यांची मागितली त्यांत हा गव्हर्नरही होता.

तुमच्या मधल्या प्रवेशाबद्दल. सँडहर्स्टची गव्हर्नरकी फेब्रुवारी १९०० मध्ये संपली. विजयानंदमधल्या त्या प्रयोगाला जॅक्सनचा खून झाला, तेव्हा तो इथे नव्हता. गव्हर्नर होते सर जॉर्ज क्लार्क. विजयानंदमधली ती खुर्ची काढून टाका. नाशकात प्रयोग झाला आणि एखाद्या आजोबांनी उठून ही चूक दाखवली, तर सगळ्या मुलांची मेहनत पाण्यात जाईल.

उत्तर: तिसरी घंटा (पुणे)

काठीचं मी सांगतो, या विषयात जरा जास्त वाचन झालंय.

पदाचं नाव लॉर्ड चेंबरलेन. राजवाड्याचा सर्वांत वरचा कारभारी म्हणा. राजाच्या घरची लग्नं, दरबार, बागेतल्या मेजवान्या, कुणाला निमंत्रण जायचं, सुतक किती दिवस पाळायचं, कोणत्या दुकानदाराला राजाचा शिक्का लावता येईल, सगळं त्याच्या कचेरीतून चालतं. खूण म्हणून हातात पांढरी काठी आणि कमरेला सोन्याची किल्ली. काठी साधी आहे, बारीक, सरळ. नक्षी अजिबात करू नका. कोट गडद निळा, छातीवर आणि बाह्यांच्या टोकांना सोनेरी भरतकाम. भरतकामाची वेल ओकच्या पानांची असते. आपली आंब्याची कोयरी टाकू नका, लांबून खपून जाईल असं वाटतं पण खपत नाही.

काठी मोडण्याचा विधी खरा आहे, प्रसंग चुकलाय. राजा मेला की दफनाच्या वेळी लॉर्ड चेंबरलेन आपली काठी मोडतो, चाकरी संपली म्हणून. सँडहर्स्टची सगळी कारकीर्द पाचव्या जॉर्जच्या राज्यात गेली. १९१२ ते १९२१. जॉर्ज मेला १९३६ मध्ये. सँडहर्स्टला कुणाच्या थडग्यावर काठी मोडावी लागली नाही. तो स्वतःच आधी गेला, २ नोव्हेंबर १९२१ ला. तुमच्या दिग्दर्शकाला शेवट हवाच असेल तर दुसरी गोष्ट देतो. मोठ्या समारंभात लॉर्ड चेंबरलेन राजाच्या पुढे चालतो, पण राजाकडे तोंड करून, म्हणजे उलट्या पावलांनी. राजाला पाठ दाखवायची नाही. आपण गाभाऱ्यातून निघताना देवाला पाठ न करता मागे सरतो तसं, फक्त याला अख्खं दालन तसं पार करायचं. एखादा नट ते नीट शिकला, तर त्या चालण्यातच सगळं येईल.

आता नाटकांचं. १७३७ पासून इंग्लंडात नवीन नाटक या माणसाच्या परवान्याशिवाय लावता येत नव्हतं. १८४३ च्या कायद्यानं प्रयोगाच्या निदान सात दिवस आधी संहिता त्याच्या कचेरीत द्यायची. तिथे नेमलेला वाचक ती वाचणार, टिपण करणार, सही मात्र लॉर्ड चेंबरलेनची. शिष्टाचार, सभ्यता किंवा सार्वजनिक शांतता बिघडेल असं वाटलं की नकार. कोर्टात दाद नाही, कारण सांगायचंही बंधन नाही. सँडहर्स्टच्या बाजूनं एक सांगायला हवं. इब्सेनचं 'घोस्ट्स' इंग्लंडात अनेक वर्षं अडकलेलं होतं, त्याला १९१४ मध्ये परवाना मिळाला तो याच्याच कारकिर्दीत. ही पद्धत तिथे १९६८ मध्ये मोडीत निघाली. आपल्याकडे महाराष्ट्रात परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र आजही लागतं. तुम्ही ज्या पाकिटातून संहिता पाठवणार आहात, ते पाकीट हातात घेऊन या पात्राकडे बघा.

आणखी एक बारीकसा तपशील, मला फार बोलका वाटतो. सँडहर्स्टच्या आधी १९०५ पासून हे पद चार्ल्स स्पेन्सरकडे होतं. म्हणजे सँडहर्स्टच्या पहिल्या बायकोचा सख्खा भाऊ, आणि आपल्या सगळ्यांना माहीत असलेल्या डायनाचा पणजोबा. मेहुण्याच्या हातातली काठी मेहुण्याच्या हातात आली. बायको व्हिक्टोरिया १९०६ मध्येच गेली होती. १९०९ मध्ये यानं दुसरं लग्न केलं, कवी मॅथ्यू अर्नोल्डची विधवा मुलगी एलिनॉर हिच्याशी. १९१७ मध्ये व्हायकाउंट झाला. वारस मुलगा नसल्यामुळे तो किताब त्याच्याबरोबरच संपला, जुना बॅरनचा किताब भावाकडे गेला.

उत्तर: भगूरकर

ताई, राग मानू नका, पण मला हे सगळं खटकतंय. आई कोण, बायको कोण, कोटावर कोणती वेल. आमच्या भगूरला १८९९ मध्ये प्लेग शिरला तेव्हा सावरकरांचे वडील दामोदरपंत गेले, त्यांचे चुलतेही गेले. पोरांनी डोळ्यांसमोर पाहिलं. त्याच वर्षी मे महिन्यात चाफेकरांपैकी उरलेले दोघे भाऊ आणि रानडे फासावर गेले, दामोदर आदल्या वर्षीच गेले होते. या सगळ्या फाशांवर सरकार कुणाचं? याच लॉर्डचं. तिथून सावरकरांचा मित्रमेळा, त्यांचे थोरले बंधू बाबाराव यांची जन्मठेप, जॅक्सनला मारणारे कान्हेरे, विजयानंद, ठाण्याच्या तुरुंगातली १९ एप्रिल १९१० ची फाशी. हे सगळं एका माळेतलं आहे. त्या माणसाला प्रेक्षकांनी समजून घ्यावं असं आपण का करायचं? तुमच्या स्वतःच्या पणजोबांचं काय?

उत्तर: रंगपेटी

भगूरकर दादा, राग कशाला मानू. आठ दिवस माझ्या मनात हेच चाललंय, तुम्ही ते लिहिलंत एवढंच.

पण माझं सांगते. आमच्या घरात पणजी कधी 'गव्हर्नर' हा शब्द बोलली नाही. तिला सरकार म्हणजे दारात आलेले चार लोक आणि त्यांच्यापुढे चालणारा आपलाच एक कारकून, एवढंच माहीत. तिचं कापड कुणी जाळलं? त्या कारकुनानं. त्याला कुणी सांगितलं? मामलेदारानं. अशी एकेक पायरी वर चढत गेलं की शेवटी एक माणूस लागतो. तो कधी आपल्या गल्लीत आला नाही आणि त्याला लग्नसराईच्या कापडाचं काहीच माहीत नाही. मला तो शेवटचा माणूस बघायचाय. त्याला शिंगं लावली तर प्रेक्षक म्हणतील, असे राक्षस आता कुठे असतात, आणि चहा प्यायला जातील. त्याला आई होती, ती कोर्टात हरली होती, त्याला चांगलं-वाईट कळत होतं, आणि तरी त्यानं सही केली, हे दिसलं तर प्रेक्षकांना खुर्चीत बसवणार नाही. मला समजून घ्यायचंय ते माफ करण्यासाठी नाही, दादा. पणजीनं फेडलेले पैसे मी विसरलेली नाही.

गोदाकाठचे सर, एक विचारायचं राहिलं. त्यानं प्लेगमध्ये चांगलं असं काही केलं का? असेल तर तेही संहितेत गेलं पाहिजे.

उत्तर: गोदाकाठचा वाचक

केलं, आणि ते झाकू नये.

हाफकिननं प्लेगची लस मुंबईत तयार केली, १० जानेवारी १८९७ ला आधी स्वतःला टोचून घेतली. त्याला सुरुवातीला जागा मिळाली ती ग्रँट मेडिकल कॉलेजात, अगदी अपुरी. पुढे परळचं जुनं गव्हर्नमेंट हाउस त्याच्या प्रयोगशाळेसाठी दिलं. या बंगल्यात १८८२ मध्ये गव्हर्नर फर्ग्युसनची बायको पटकीनं गेली होती, त्यानंतर गव्हर्नरांनी तिथे राहणं सोडलं. ऑगस्ट १८९९ मध्ये सँडहर्स्टच्याच हस्ते तिथे प्रयोगशाळा सुरू झाली. तीच आजची हाफकिन संस्था. लस लाखो लोकांना टोचली गेली. तारीख बघा आणि तुमच्या पणजोबांचं साल बघा. दोन्ही १८९९. परळ ते नाशिक अंतर फार नाही, पण टोचणी गल्लीपर्यंत यायला आणि लोकांचा तिच्यावर विश्वास बसायला वेळ लागला. पहिल्या वर्षीच्या झडत्यांनी जो धसका बसला होता, त्यामुळे टोचणीवाला आला तरी माणसं मळ्यात पळायची.

धोरणही बदललं. मुंबईत आधी जनरल गेटेकरची कमिटी होती, फौजी खाक्याची. त्याच्यानंतर जेम्स कॅम्पबेल आले. हे आपल्याला परके नाहीत. १८८३ चं नाशिक जिल्ह्याचं गॅझेटियर, जे मी वाचनालयात कितीदा चाळलंय, ते यांच्याच संपादनाखालचं. लोकांच्या चालीरीती जाणणारा माणूस. जातीजातींच्या पुढाऱ्यांना बरोबर घेऊन काम करायची रीत त्यांनी धरली. तरीही मार्च १८९८ मध्ये मुंबईत दंगल झालीच.

विलायतेला परतल्यावर सँडहर्स्ट बरीच वर्षं लंडनच्या सेंट बार्थोलोम्यू रुग्णालयाचा खजिनदार होता. प्लेगची आठवण म्हणून की मानाचं पद म्हणून, हे त्याचं त्याला माहीत. पहिल्या महायुद्धातली त्याची रोजनिशी त्याच्या मागे छापली गेली.

उत्तर: लोकलवाला (मुंबई)

इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट राहिला की. १८९८ चा कायदा, याच गव्हर्नरच्या वेळचा. प्लेगनंतर दाट वस्त्या पाडून रुंद रस्ते काढायचे, समुद्राचा वारा आत यावा म्हणून. त्यातला एक मोठा रस्ता म्हणजे सँडहर्स्ट रोड, आता सरदार वल्लभभाई पटेल मार्ग. रस्त्याचं नाव गेलं, स्टेशनचं राहिलं. त्याचंही नाव डोंगरी करायचा ठराव २०२४ मध्ये विधिमंडळात झालाय. पंचवटी एक्सप्रेसनं येताना भायखळ्याच्या पुढे आणि मशीदच्या आधी डोकावून बघा. जुनी घरं पाडली ती गरिबांची आणि त्या सगळ्यांना पुन्हा तिथेच घरं मिळाली असं झालं नाही, हेही लिहा कुठेतरी.

उत्तर: रंगपेटी

सगळ्यांचे मनापासून आभार. काल तालमीला हे सगळं छापून नेलं आणि चटईवर बसून मोठ्यानं वाचलं. 'शारदा'च्या प्रवेशातली खुर्ची गेली. काठी मोडायचं गेलं. दिग्दर्शक पाच मिनिटं गप्प होता, मग म्हणाला, ताई, आईचा प्रवेश लिहितो. रात्री अडीच वाजता त्यानं दोन पानं पाठवली, त्यात मार्गारेट बाई कोर्टातून घरी येतात आणि हातमोजे काढून टेबलावर ठेवतात, एवढंच आहे. मुलगा बाजूला उभा. मला सकाळी वाचून हुंदका आला.

उलट्या पावलांनी चालायची तालीम सुरू केली आहे. नट पहिल्यांदा दोनदा पडला. आता खाली खडूची रेघ मारून दिली आहे, तिच्यावरून टाच आधी टेकवत जातो. त्या रेघेच्या शेवटी आम्ही प्लेगची झोपडी उभी करतो, ती आधीच तिथे होती, मुद्दाम केलेली नाही. कालच्या तालमीत तो मागे सरत सरत झोपडीच्या दारापर्यंत आला आणि त्याला कळलंच नाही. पणजीचं काम करणारी मुलगी तिथे तान्ह्याला घेऊन बसलेली असते. तिनं फक्त पाय जवळ घेतले. दिग्दर्शक म्हणाला, हे ठेवायचं.

भगूरकर दादा, प्रयोगाला या. तारीख ठरली की इथेच टाकते.

कोट आज बेतला. कात्री आधी धारवाल्याकडून लावून आणली, कडीची चिंधी काढून नवी गुंडाळली. पहिला काप पाठीच्या मधल्या शिवणीचा. पात्यांचा तो कच्चकन आवाज आला आणि मग हात थांबला नाही, दोन तासांत पाठ, छाती, बाह्या सगळं वेगळं झालं. अस्तराला काळी साटीन घेतली आहे. सोनेरी वेल कापडपेठेत जरीच्या लेसमधून जुळवतेय, ओकचं पान तिथे मिळत नाही म्हणून पुठ्ठ्याचा साचा कापून हातानं काढणार. बटणं मात्र अडली आहेत. गोल, पितळी, मोठी, निदान दहा हवीत, प्लॅस्टिकची सोनेरी नकोत, दिव्यात लगेच कळतात. भांडी बाजारात आणि जुन्या बँडवाल्यांकडे विचारून झालं. कुणाच्या घरी जुन्या गणवेशाची पडून असतील तर सांगा, प्रयोग झाला की मोजून परत करीन.